राजाबाई मनोऱ्याचे घड्याळ : शहराचा काळ आणि साहित्याची स्मृती

१

आधुनिक मराठी साहित्यात घड्याळाचा उल्लेख आला की समीक्षक बहुधा एका ठराविक निष्कर्षाकडे वळतो. घड्याळ हे यंत्रयुगाचे प्रतीक. यंत्रयुग म्हणजे माणसाच्या आंतरिक लयीचा भंग. आणि हा भंग ज्या साहित्यकृतीत व्यक्त झाला आहे ती आधुनिक जाणिवेची कृती, असे हे समीकरण आहे. ते इतके रुळून गेले आहे की त्याच्या सत्यासत्यतेची तपासणी करण्याची आवश्यकता क्वचितच कोणाला भासते. एका बाजूस ऋतूंचा, सणांचा, मनाचा असा जिवंत काळ आणि दुसऱ्या बाजूस काट्यांनी तुकडे केलेला मृत काळ, अशी विभागणी करून समीक्षा मोकळी होते. या विभागणीत सोय पुष्कळ आहे. परंतु तिने एक मोठी हानी झाली आहे. प्रत्यक्ष घड्याळाकडे, म्हणजे एखाद्या विशिष्ट शहरात, विशिष्ट साली, विशिष्ट लोकांनी उभारलेल्या घड्याळाकडे पाहण्याचे टळले आहे. प्रतीक हाती लागले की वस्तू हातची जाते, हा साहित्यविचारातला नेहमीचाच अनुभव आहे.

वास्तविक मराठी भाषाच या विभागणीविरुद्ध साक्ष देते. 'घड्याळ' या शब्दात घटिका आहे आणि घटिकेत घट, म्हणजे पाण्यात सोडलेले छिद्र असलेले भांडे, आहे. ते भरून बुडले की एक घटका झाली. आजच्या हिशेबाने चोवीस मिनिटे. 'तास' हा शब्दही मूळचा ठोके देण्याच्या धातूच्या थाळीचा वाचक आहे. थाळीचे नाव पुढे त्या थाळीवर जाहीर होणाऱ्या कालखंडाला लागले. 'घटका भरली' हा वाक्प्रचार मरणाच्या संदर्भात वापरताना आजचा मराठी माणूस नकळत त्या बुडत्या पात्राचेच चित्र उभे करीत असतो. तात्पर्य, यांत्रिक घड्याळापूर्वीचा आपला काळ केवळ सूर्यचंद्रांच्या स्वाधीन होता आणि साहेबाने येऊन त्याला यंत्राच्या स्वाधीन केले, असे म्हणणे इतिहासाला धरून नाही. घटिकापात्र हेही एक साधनच होते. त्याच्यापाशी बसणारा कोणी तरी होता, ठोका देणारा कोणी तरी होता आणि तो ठोका कोणाच्या दाराशी पडावा हे ठरवणाराही कोणी तरी होता. मोजलेला काळ प्रत्येक युगात कोणाच्या तरी मालकीचा असतो. तेव्हा साहित्याच्या अभ्यासकाला उपयोगी पडणारा प्रश्न निराळा आहे : हा काळ कोणी मोजला, कोणासाठी मोजला, आणि ज्यांच्यासाठी मोजला त्यांच्या स्मरणात तो कोणत्या रूपाने उरला?

या प्रश्नाचा विचार मुंबईच्या राजाबाई मनोऱ्यावरील घड्याळाच्या आधारे करण्यासारखा आहे. मराठी साहित्याच्या फार मोठ्या भागाची घडण या घड्याळाच्या टापूत झाली आहे. आणि या घड्याळाचा इतिहास त्या साहित्याच्या काही दुर्लक्षित गुणांवर प्रकाश टाकतो.

२

मुंबई विद्यापीठाच्या आवारातला हा मनोरा २८० फूट उंच आहे. त्याचा आराखडा सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट या इंग्रज वास्तुशिल्पकाचा. त्याने हिंदुस्थानात पाऊलही न टाकता तो विलायतेत बसून तयार केला. १ मार्च १८६९ रोजी पायाभरणी झाली आणि १८७८ च्या नोव्हेंबरात काम पूर्ण झाले. मनोऱ्यासाठी दोन लाख रुपयांची देणगी दिली ती प्रेमचंद रायचंद या कापसाच्या व्यापाऱ्याने, आणि त्याच्या इच्छेप्रमाणे मनोऱ्याला त्याच्या आईचे, राजाबाईचे, नाव मिळाले.

येथपर्यंतची माहिती कोणत्याही मार्गदर्शिकेत सापडते. महत्त्वाचा आहे तो तिच्यातील तारखांचा क्रम. देणगी जाहीर झाली १८६४ साली. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे लँकेशायरच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेनासा झाला होता आणि त्या टंचाईच्या जोरावर मुंबईत पैशाचा पूर लोटला होता. १८६५ च्या एप्रिलात ते युद्ध संपुष्टात आले, कापसाचे भाव कोसळले आणि त्याच वर्षीच्या जुलैत मुंबईच्या शेअरबाजाराचा डोलारा खाली आला. प्रेमचंद रायचंद त्यात बुडाले. त्यांच्याबरोबर असंख्य लहानमोठी घरे बुडाली. म्हणजे मनोऱ्याचा पाया खणला गेला तेव्हा ज्या संपत्तीतून तो उभा राहायचा ती संपत्ती नाहीशी होऊन चार वर्षे लोटली होती. पुढे नऊ वर्षे दगडावर दगड चढत राहिला तो एका ओसरलेल्या समृद्धीच्या वचनापोटी. शहराला वेळ सांगण्यासाठी उभारलेली ही वास्तू आपल्या जन्माच्या वेळीच भूतकाळाची झाली होती.

या इतिहासाशेजारी लोकस्मृतीने स्वतःची एक कथा रचली आहे. राजाबाई अंध होत्या असे सांगतात. जैन आचाराप्रमाणे त्यांना सूर्यास्तापूर्वी जेवण आटोपायचे असे. दिवस किती उरला हे दिसत नसल्याने मनोऱ्याचे टोले ऐकून त्यांना ते कळावे, म्हणून मुलाने हा मनोरा बांधविला. या कथेला कागदोपत्री आधार किती आहे हा प्रश्न इतिहासकारांचा. साहित्याच्या दृष्टीने तिची रचना लक्षणीय आहे. चार बाजूंनी चार तबकड्या असलेले, दुरून दिसावे म्हणूनच इतक्या उंचीवर बसविलेले हे घड्याळ लोककथेने दिसण्याच्या व्यवहारातून काढून ऐकण्याच्या व्यवहारात नेले. विद्यापीठाच्या, कचेऱ्यांच्या आणि न्यायालयांच्या परिसरातले हे उपकरण तिने एका म्हातारीच्या ताटाशी आणून ठेवले. शिवाय ही म्हातारी घड्याळाकडून वेळ मागते ती सूर्याची. यंत्राने तिला सूर्य कुठवर आला एवढेच सांगायचे आहे. परक्या वस्तूला आपल्या आचारधर्माच्या चौकटीत बसवून घेण्याची लोकप्रतिभेची ही रीत आहे. मनोऱ्याला दुसरीही स्मृती आहे. १८९१ साली दोन तरुण पारशी स्त्रियांचा या मनोऱ्यावरून पडून मृत्यू झाला आणि त्या प्रकरणाने सारे शहर हादरले. पुढच्या काळातही येथे आत्महत्या घडत गेल्या आणि मनोऱ्यावर जाण्याची वाट सामान्य माणसाला बंद झाली. शहराच्या स्मरणात हे घड्याळ वेळेइतकेच मातृप्रेमाशी आणि मृत्यूशी जोडलेले आहे.

आणखी एक गोष्ट मराठी अभ्यासकाने विसरू नये. मनोरा पूर्ण झाला त्या वेळी या विद्यापीठाच्या पदवी-परीक्षांत मराठीला स्थान नव्हते. न्यायमूर्ती रानडे यांच्यासारख्यांच्या दीर्घ खटपटीनंतर विसाव्या शतकाच्या आरंभी ते हळूहळू मिळाले. मनोऱ्यावर कोरलेल्या मूर्तींत पश्चिम हिंदुस्थानातील नाना जातीजमातींची माणसे दिसतात. त्यांचे पेहराव दगडात उतरले. त्यांची भाषा मात्र त्या दगडांच्या आत शिकविली जात नव्हती.

३

या घड्याळाने कोणती वेळ दाखवावी यावरून जे वाद झाले त्यांची हकीकत आज पुष्कळांना ठाऊक नसते. प्रत्येक शहराची माध्यान्ह वेगळी, कारण प्रत्येकाचे रेखांश वेगळे. मुंबईचा स्थानिक काळ ग्रिनिचच्या पुढे चार तास एक्कावन्न मिनिटे; मद्रासचा पाच तास एकवीस मिनिटे. रेल्वे आणि तारखाते यांच्या सोयीसाठी मद्रासची वेळ प्रमाण मानली जाऊ लागली होती. १८८१ साली गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबईच्या सरकारी व्यवहारासाठीही तीच लागू केली. घड्याळे अर्धा तास पुढे करा, असा तो हुकूम होता. शहराने तो मनापासून स्वीकारला नाही. विद्यापीठाच्या घड्याळाचा प्रश्न निघाला तेव्हा सिनेटने मुंबईच्या वेळेच्या बाजूने कौल दिला. तबकड्या रात्री सरकारी खर्चाने उजळायच्या असतील तर घड्याळाने सरकारची वेळ दाखवली पाहिजे, अशी भूमिका सरकारने घेतली. दिव्याच्या तेलापर्यंत पोहोचलेला हा वाद वरवर हास्यास्पद वाटेल. परंतु काळ ही अमूर्त कल्पना राज्यव्यवहारात उतरते ती अशाच मार्गांनी.

१ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ अमलात आली. ती ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढे, म्हणजे मुंबईच्या वेळेहून एकोणचाळीस मिनिटे पुढे. त्याच महिन्यात, घड्याळे पुढे सरकवल्याच्या निषेधार्थ गिरणीकामगारांनी काम बंद ठेवल्याची नोंद आहे. त्यांचा आक्षेप तत्त्वचिंतनाचा नव्हता. सूर्य जागच्या जागी राहून गिरणीचे दार मात्र पाऊण तास आधी उघडणार होते आणि हा पाऊण तास त्यांच्या झोपेतून जाणार होता. त्याच वर्षी मुंबई कॉर्पोरेशनने स्वतःच्या कारभारापुरती मुंबईचीच वेळ ठेवण्याचे ठरविले. फिरोजशहा मेहता यांच्यासारख्या वजनदार सभासदाचा प्रमाणवेळेला विरोध होता. ही व्यवस्था थेट १९५५ पर्यंत टिकली. जवळजवळ अर्धशतक एकाच शहरात दोन वेळा नांदत होत्या : एक रेल्वेची, तारेची आणि पुढे नभोवाणीची; दुसरी नगरपालिकेची आणि जुन्या वळणाच्या घरांची. शिवाय १९४२ ते १९४५ या युद्धकाळात सरकारने प्रमाणवेळ आणखी एक तास पुढे नेली होती. एखाद्याला 'नऊ वाजता या' म्हटले तर 'कोणत्या वेळेने?' हा प्रतिप्रश्न त्या काळी वावगा ठरत नसे.

या लढ्याला गरजेपेक्षा अधिक उजाळा देण्याचा मोह टाळला पाहिजे. मुंबईची वेळ ही काही शुद्ध लोकवेळ नव्हती. तिच्या पाठीशी व्यापाऱ्यांची सोय होती, प्रतिष्ठितांचा नागरी अभिमान होता, सरकारला डिवचण्याची हौसही होती. तीही एका गणितानेच ठरलेली, सरासरी काढलेली वेळ होती. आणि जी गिरणी प्रमाणवेळेने कामगाराची झोप घेई ती मुंबईच्या वेळेने त्याला विसावा देत होती असे नाही. ध्यानात घ्यायचे ते एवढेच की या शहराच्या जाणिवेत काळ कधीही एकसंध नव्हता. घड्याळ हे निर्विकार, सर्वसाक्षी यंत्र आहे असा अनुभव मुंबईकराला पन्नास वर्षे आलाच नाही. त्याच्यापुढे नेहमी दोन घड्याळे होती आणि त्या दोहोंत दीड घटकेहून किंचित अधिक अशी एक फट होती.

४

ही पार्श्वभूमी मनात ठेवून बा. सी. मर्ढेकरांकडे वळले की काही गोष्टी नव्या रूपात दिसतात. 'काही कविता' १९४७ साली आणि 'आणखी काही कविता' १९५१ साली प्रसिद्ध झाल्या. मर्ढेकरांचे निधन १९५६ च्या मार्चमध्ये झाले. त्यांची सारी मुंबईविषयक कविता दोन वेळांच्या मुंबईतच लिहिली गेली. शिवाय ते नभोवाणीत नोकरीला होते. जिथे शब्द सेकंदाच्या हिशेबाने मोजले जातात, आणि जिथून प्रमाणवेळ घरोघर पोहोचवली जाते, अशा संस्थेत त्यांचे आयुष्य गेले. यंत्रयुगाचा कवी ही त्यांची ओळख समीक्षेने पक्की करून टाकली आहे आणि ती खोटी नाही. पण यंत्रयुगाचा कवी म्हणजे यंत्राला शिव्याशाप देणारा कवी, असा जो सोपा अर्थ त्यातून काढला जातो तो त्यांच्या उत्तम कवितांना लागू पडत नाही.

हिवाळ्यातल्या मुंबईच्या पहाटेवरील त्यांची सर्वपरिचित कविता या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. नुकत्याच न्हालेल्या गर्भवतीच्या सौंदर्याशी बंदरावरच्या पहाटेची तुलना करून ती सुरू होते. घरे, धक्क्यावरच्या बोटी, धूर, चहा, डांबरी रस्ता यांना एकेक करून स्पर्श करीत जाते. आणि अखेरीस या शांततेच्या पोटात एक प्रचंड धांदल दडलेली असून ती आता क्षणार्धात बाहेर पडणार आहे हे सांगून त्या क्षणाला थोडे थांबण्याची विनंती करते. सामान्यतः ही कविता मर्ढेकरांच्या उदासीन सृष्टीतला एक प्रसन्न अपवाद म्हणून वाचली जाते. परंतु तिच्यातले काळाचे भान अपवादात्मक नाही. यंत्राच्या वस्तूंना तिच्यात मज्जाव नाही. धूर आणि डांबर तिच्या सौंदर्याचे घटकच आहेत. तिचा आग्रह आहे तो एका फटीचा. सूर्य उगवतो आहे आणि शहर कामाला लागलेले नाही, असा जो थोडका अवकाश, तो कवी मागून घेतो. शहराची धांदल हे सूर्याला वाहिलेले अर्घ्य आहे असे तेथे सूचित होते. यंत्रनगरीचा दिवस घड्याळाच्या हाती न सोपवता सूर्याच्या हाती देण्याची ही कल्पना, ज्या शहराने एकोणचाळीस मिनिटांसाठी अर्धशतक हट्ट धरला त्या शहरातून आलेली आहे. मर्ढेकरांनी तो वाद डोळ्यांपुढे ठेवून कविता लिहिली असा याचा अर्थ नाही. शहराच्या अंगवळणी पडलेली जाणीव कवीच्या हातून प्रतिमेचे रूप घेते ती अशा अप्रत्यक्ष रीतीने, एवढेच येथे म्हणावयाचे आहे.

'रात्रीचा दिवस' (१९४२) या त्यांच्या कादंबरीतही हीच ओढ निराळ्या वाटेने गेली आहे. मराठीत संज्ञाप्रवाहाचे तंत्र जाणीवपूर्वक हाताळणारी ही आरंभीची कृती. तिच्यातली संवेदना घड्याळाच्या क्रमाने पुढे सरकत नाही. आठवण आणि प्रत्यक्ष यांची सरमिसळ होऊन काळ एका मनाच्या आत साठत जातो. या प्रयोगाचे श्रेय बहुधा जेम्स जॉइस, व्हर्जिनिया वुल्फ आणि बर्गसाँचा कालविचार यांना देऊन समीक्षक थांबतात. प्रभाव नाकारण्याचे कारण नाही. पण प्रभाव रुजायला जमीन लागते. ज्या नगरात 'किती वाजले?' या प्रश्नाला दोन खरी उत्तरे होती, त्या नगरातल्या लेखकाला काळ मनाप्रमाणे बदलतो हे केवळ परदेशी पुस्तकांतून शिकावे लागले असेल असे वाटत नाही.

५

मनोऱ्याचे घड्याळ ज्या टापूतून दिसत होते तो कोटाचा टापू. परळ, लालबाग, भायखळा या गिरणगावात वेळ आली ती कानावाटे, गिरणीच्या भोंग्याच्या रूपाने. हा भेद नुसत्या भूगोलाचा नाही. तबकडीकडे पाहायचे की नाही हे पाहणाऱ्याच्या इच्छेवर असते. भोंगा झोपलेल्यालाही सोडत नाही. तबकडी किती वाजले ते सांगते. भोंगा निघण्याची आज्ञा देतो. औद्योगिक शिस्तीने काळाची जाणीव कशी पालटली यावर इंग्रज इतिहासकार ई. पी. टॉमसन यांनी १९६७ साली जो विख्यात निबंध लिहिला, त्यातील पुष्कळसे विवेचन मुंबईच्या गिरणी-कामगाराने त्याआधी दोनतीन पिढ्या अंगावर झेलले होते.

नारायण सुर्वे यांच्या कवितेचा काळ हा असा कानाने ओळखलेला आणि हातांनी भोगलेला काळ आहे. त्यांच्या १९६६ सालच्या संग्रहाचे नाव 'माझे विद्यापीठ' असावे यातला उपरोध मनोऱ्याच्या सान्निध्यात अधिक बोचरा होतो. एक विद्यापीठ आपल्या घड्याळाने वेळ दाखवीत उभे आहे. दुसरे रस्त्यावर, चाळीत, गिरणीच्या दाराशी भरते आणि तेथे वेळ विकली जाते. 'दोन दिवस' या त्यांच्या कवितेत आयुष्याचा हिशेब तासांत किंवा वर्षांत केलेला नाही. वाट पाहण्यात गेलेले, दुःखात गेलेले असे दिवस कवी मजुरीच्या दिवसांसारखे बोटांवर मोजतो आणि शिल्लक किती याचा अंदाज घेतो. हे माप रोजंदारीचे आहे. ज्याचा दिवस दुसऱ्याने विकत घेतला आहे त्याला स्वतःचे आयुष्यही त्याच मापाने मोजावे लागते, ही त्या कवितेतली खरी वेदना होय. पण या हिशेबातही एक प्रतिकार आहे. मालकाच्या वहीत ज्या दिवसांपुढे फक्त मजुरीचा आकडा होता, त्यांच्यापुढे कवी त्या दिवसांचा आशय लिहितो. विकल्या गेलेल्या काळावर स्मृतीने पुन्हा हक्क सांगण्याची ही कृती आहे.

१८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला आणि त्यानंतरच्या वर्षांत एकेक करून भोंगे कायमचे थांबले. जयंत पवार यांचे 'अधांतर' हे १९९७ सालचे नाटक या शांततेतले नाटक आहे. गिरणी बंद पडलेल्या घरात वेळ भरपूर असते आणि तिचे करायचे काय हे कोणाला उमगत नाही. यंत्राच्या काळाचा जाच आणि यंत्राचा काळ संपल्यावरची पोकळी, या दोन्ही अवस्था मराठी साहित्याने एकाच शतकात नोंदविल्या. घड्याळ म्हणजे केवळ दास्य, असे मानणाऱ्या समीक्षेपाशी या दुसऱ्या अवस्थेसाठी शब्दच उरत नाही. भोंग्याचा द्वेष करणारा कामगार भोंगा बंद झाल्यावर त्याची आठवण का काढतो, हे तिला सांगता येणार नाही. तो आठवण काढतो ती भोंग्याची नव्हे, भोंग्याबरोबर एका वेळी जागी होणाऱ्या चाळीची.

६

स्वातंत्र्योत्तर काळातील महानगरी लेखनात काळाचा हिशेब जाणीवपूर्वक बिघडवण्याची प्रवृत्ती दिसते. किरण नगरकर यांच्या 'सात सक्कं त्रेचाळीस' (१९७४) या कादंबरीच्या नावातच पाढा चुकला आहे आणि निवेदनाचा क्रमही तसाच मोडलेला आहे. घटना ज्या क्रमाने घडल्या त्या क्रमाने त्या आठवत नाहीत, हे या मोडणीमागचे सत्य आहे. नामदेव ढसाळांच्या 'गोलपिठा'त (१९७२) प्रतिष्ठितांचा दिवस जेथे संपतो तेथे दुसऱ्या एका जगाचा दिवस सुरू होतो आणि भाषेलाही आपली घड्याळे नव्याने लावावी लागतात. सलमान रश्दी यांच्या 'मिडनाइट्स चिल्ड्रन' (१९८१) या इंग्रजी कादंबरीतल्या मुंबईत बंद पडलेल्या घड्याळाचा एक मनोरा आहे आणि राष्ट्राच्या जन्मक्षणाशी जखडलेला बालनायक त्यातच लपून बसतो. इतिहासाने ठोका देऊन जन्माला घातलेल्या मुलाने न चालणाऱ्या घड्याळाच्या पोटात आसरा घ्यावा, ही योजना अर्थपूर्ण आहे.

परंतु या परंपरेतला सर्वांत परिपक्व कालविचार अरुण कोलटकरांच्या 'काळा घोडा पोएम्स' (२००४) मध्ये आढळतो. मराठी आणि इंग्रजी या दोन्ही भाषांत समर्थपणे लिहिणाऱ्या या कवीची ही कविता इंग्रजीत आहे. तरी तिचे डोळे आणि कान मुंबईचे आहेत. तिची जागा विद्यापीठाच्या मनोऱ्यापासून हाकेच्या अंतरावर आहे. त्या जागेचे नावच स्मृतीचा एक नमुना आहे : सातव्या एडवर्डचा ज्या काळ्या घोड्यावरील पुतळ्यामुळे ते पडले तो पुतळा १९६५ साली तेथून हलविण्यात आला, नाव मात्र राहिले. राजा विस्मृतीत गेला आणि त्याचे वाहन लोकांच्या जिभेवर टिकले, हा लोकस्मृतीचा निवाडा आहे.

या संग्रहातल्या न्याहारीच्या वेळेवरील दीर्घ कवितेत समोरच्या घड्याळाच्या दुकानाबाहेरचे मोठे घड्याळ वेळेचा अधिकारी म्हणून येते. त्या एका वेळेच्या आधाराने कवी मुंबईतल्या निरनिराळ्या खाणावळींत आणि जगातल्या निरनिराळ्या शहरांत कोण काय खात आहे याची यादी मांडतो. प्रमाणवेळेची कल्पना जगाला एका सूत्रात बांधण्यासाठी निघाली होती. कोलटकर तिचा उपयोग जगाला एका पंगतीत बसविण्यासाठी करतात. मग त्या वाहतूक-बेटावर इडल्यांची टोपली घेऊन एक बाई येते आणि रस्त्यावर राहणारी माणसे तिच्याभोवती गोळा होतात. त्या क्षणी घड्याळात किती वाजले याला महत्त्व उरत नाही. खरी वेळ तिच्या येण्याने होते. राजाबाईच्या लोककथेत घड्याळ एका म्हातारीच्या ताटाशी येऊन थांबले होते. कोलटकरांच्या कवितेतही काळाचे सारे जागतिक गणित एका भुकेल्या माणसाच्या पानाशी येऊन थांबते. या दोन्ही ठिकाणी एकमेकांशी संबंध नसताना एकच बुद्धी काम करीत आहे : वेळ सांगण्याचा अधिकार कोणाकडेही असो, ती कशासाठी सांगायची हे माणसाच्या गरजेने ठरले पाहिजे.

७

भारतीय साहित्यविचारात स्मृतीला मोठे स्थान आहे. शाकुंतलातील अंगठी ही स्मृती जागविणारी वस्तू होय. तिच्या अभावी समोर उभी असलेली पत्नीही राजाला ओळखता येत नाही. येथे ध्यानात घेण्याजोगी बाब अशी की अंगठी स्वतः काहीच स्मरत नाही. ती राजमुद्रा आहे, मालकीची खूण आहे. राजाच्या मनात काही असल्याशिवाय ती निव्वळ दागिना ठरली असती. शहरातील ऐतिहासिक घड्याळाची अवस्था याहून वेगळी नाही. २०१५ साली राजाबाई मनोऱ्याच्या जीर्णोद्धाराचे काम पूर्ण झाले; २०१८ साली ओव्हलभोवतीच्या व्हिक्टोरियन गॉथिक आणि आर्ट डेको इमारतींच्या समूहाला युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत स्थान मिळाले. हे योग्यच झाले. पण दगड धुऊन स्वच्छ करता येतो, यंत्र दुरुस्त करता येते. त्यावरून आठवण परत येईलच असे नाही. १८६५ चा बुडीत पैसा, १९०६ चे बंद पडलेले माग, दिव्याच्या खर्चावरचा वाद, भोंग्याने जागी होणारी चाळ, या गोष्टी मनोऱ्यावर कोठेही कोरलेल्या नाहीत. त्या ज्या अंशाने उरल्या आहेत तो अंश भाषेत आहे आणि भाषेतल्या साहित्यकृतींत आहे.

म्हणून समीक्षेची जबाबदारी येथे वाढते. साहित्यकृतीतले घड्याळ दिसताच त्याला यंत्रयुगाचे प्रतीक म्हणून शिक्का मारणे म्हणजे त्या कृतीने जपून ठेवलेली स्मृती पुसण्यासारखेच आहे. मर्ढेकरांनी मागितलेला क्षणभराचा अवकाश, सुर्व्यांनी बोटांवर मोजलेले दिवस, कोलटकरांच्या बेटावरची न्याहारी, यांना एकाच प्रतीकार्थात कोंबले तर तिघांचेही वेगळेपण नाहीसे होते. मर्ढेकरांना दोन वेळांमधली फट हवी आहे. सुर्व्यांना विकलेल्या वेळेचा हिशेब हवा आहे. कोलटकरांना सर्वांची मिळून एक वेळ हवी आहे, मात्र ती भुकेने ठरलेली. या तीन मागण्या एकमेकींपासून भिन्न आहेत आणि त्यांतली प्रत्येक मागणी या शहराच्या प्रत्यक्ष इतिहासातून आलेली आहे. भारतातील अन्य महानगरांच्या साहित्याविषयीही हा विचार करता येईल. कलकत्त्याचीही स्वतंत्र वेळ होती, मद्रासची होती. त्या त्या भाषांतल्या लेखनात त्यांच्या खुणा कोणत्या रूपाने उरल्या आहेत, हे त्या भाषांच्या अभ्यासकांनी पाहण्यासारखे आहे.

मुंबईची वेळ १९५५ साली कागदोपत्री संपली. सूर्याने मात्र आपला क्रम बदललेला नाही. वर्षाची सरासरी घेतली तर मुंबईच्या डोक्यावर तो आजही प्रमाणवेळेच्या बारानंतर एकोणचाळीस मिनिटांनी येतो. मनोऱ्याचे टोले आधी पडतात आणि सावली मागाहून पायाशी येते. या दोहोंमधल्या अवधीला सरकारी व्यवहारात नाव नाही. मराठी कवितेने आणि कथेने तो अवधी निरनिराळ्या नावांनी ओळखला आहे; ती नावे जशीच्या तशी वाचणे हे समीक्षेचे काम आहे.